गेलेल्यांचे नाव

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



दरवर्षी वर्धापनदिनाला माझे ठिकाण तिकडे मागे, चहाच्या पातेल्यापाशी असते. यंदा सेक्रेटरीबाईंनी मला सोडलेच नाही. "तुम्ही ठाण्याच्या आजींचे जे आम्हाला भाजी निवडताना सांगता, ते सगळ्यांपुढे सांगा," असा त्यांचा हट्ट. माझे शिक्षण सातवीपर्यंत, भाषणाची सवय नाही. पण आपल्या या अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत रात्रंदिवस मागांचा खडखडाट, तेव्हा मोठ्याने बोलायची सवय मात्र सगळ्यांनाच आहे. चुकले माकले सांभाळून घ्या.

विषय ऐकून काही जणी नाक मुरडतील. वर्धापनदिन म्हणजे आनंदाचा दिवस, आणि ही बाई मेलेल्या माणसांचे काय काढून बसली? पण या वर्षात आपल्यातल्या दोघी गेल्या. मागच्या वर्षी त्या इथेच सतरंजीवर बसल्या होत्या. म्हणून म्हटले, आजच बोलावे.

आमच्या यजमानांचे इथले काम सुटले तेव्हा आम्ही काही वर्षे ठाण्याला होतो. एका जुन्या दुमजली चाळीत दोन खोल्या. शेजारी एक आजी, त्यांचा धाकटा मुलगा आणि सून. थोरला मुलगा परदेशी. आजी नऊवारी नेसत, गळ्यात काळी पोत, मराठी अशी की आमच्या सोलापुरी बोलण्याला त्या हसत. मला वाटले, कोकणातले कुणी असतील. महिन्याभराने कळले की ते ज्यू आहेत. मी घाबरलेच! ज्यू म्हणजे पुस्तकातले, लांबचे लोक. ते आमच्या नळावर घागर भरतात हे खरेच वाटेना.

आपल्यापैकी पुष्कळ जणींना ठाऊक नसेल म्हणून थोडे सांगते. हे बेने इस्राएल लोक. फार जुन्या काळी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याला त्यांच्या पूर्वजांचे गलबत फुटले. सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या, बाकीच्यांची प्रेते लाटांनी किनाऱ्याला आणली ती तिथेच पुरली, असे त्यांच्यात परंपरेने सांगतात. आता तिथे स्मारक आहे. वाचलेले कोकणातल्या गावांतून पांगले, तेलाचे घाणे चालवू लागले. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावकरी त्यांना 'शनवार तेली' म्हणत. आडनावे गावांवरून पडली, दिवेकर, पेणकर, रोहेकर, केहिमकर, अशी. पोथ्या गलबताबरोबर बुडाल्या. प्रार्थनांतली एक 'शमा' तेवढी तोंडात राहिली, ती ते बारशालाही म्हणत, लग्नातही आणि मयतालाही. पुढे दावीद रहाबी नावाचा एक धर्मबंधू आला. हे खरोखर आपलेच का, हे बघायला त्याने बायकांना निरनिराळे मासे दिले आणि रांधायला सांगितले. बायकांनी खवले आणि पर असलेले मासे चुलीवर चढवले, बाकीचे बाजूला सारले. त्यावरून त्याची खात्री पटली, असे आजी सांगत. म्हणजे पोथी बुडाली तरी धर्म स्वयंपाकघरात शिल्लक होता. हे मला आजींनी पहिल्यांदा सांगितले तेव्हा त्यांच्या हातात सुरमई होती, आणि सांगताना त्यांचा तोरा बघण्यासारखा होता.

आता मुख्य गोष्ट.

एका संध्याकाळी दिवे लागायच्या आधी बघते तो आजींनी काचेच्या पेल्यात निम्मे पाणी घातले, वर खोबरेल तेल, त्यात वात, आणि तो दिवा भिंतीकडेला ठेवला. म्हणाल्या, "उद्या मालकांचा दिवस आहे." आजोबांचे वर्ष. त्यांच्यात दिवस सूर्य मावळल्यावर सुरू होतो, म्हणून दिवा आदल्या संध्याकाळी लावायचा, तो दुसऱ्या दिवशीच्या सूर्यास्तापर्यंत ठेवायचा. तारीख इंग्रजी नव्हे. त्यांचीही तिथीच असते हो, चंद्रावरची, आणि आपल्यासारखाच अधिक महिनाही येतो. २०२४ साली १२ ऑक्टोबरला आणि २०२५ साली २ ऑक्टोबरला आपला दसरा आणि त्यांचा सर्वांत मोठा उपासाचा दिवस, योम किप्पूर, एकाच दिवशी आले. कोकणात त्या दिवसाला 'दारफळणीचा सण' म्हणत, कारण दार लावून घरात बसायचे आणि कुणाशी संबंध ठेवायचा नाही. त्याच्या दुसऱ्या दिवशी 'शिळा सण'. जुन्या लोकांची अशी समजूत होती की त्या उपासाला घरातले गेलेले जीव भेटीला येतात आणि शिळ्या सणाला परत जातात. हे ऐकल्यावर मी म्हटले, "आजी, हा तर आमचा पितृपक्ष!" त्या म्हणाल्या, "शेजार दोन हजार वर्षांचा आहे बाई. कुणाचे कुणी घेतले, कोण सांगणार?"

तर त्या दिवशी संध्याकाळी घरी प्रार्थना होती. सुनेने तयारी मांडली होती. केळी, खजूर, जमिनीत पिकणारे काही फळ, गव्हाचे काही केलेले, आणि वास घ्यायला सब्जाची डहाळी. मला वाटले प्रसाद. पण त्यातली मेख वेगळीच. झाडाच्या फळाचा आशीर्वाद वेगळा, जमिनीतल्या पिकाचा वेगळा, धान्याचा वेगळा, सुवासाचा वेगळा. आलेल्या प्रत्येकाने खाताना किंवा वास घेताना देवाचे आभार मानायचे, आणि त्याचे पुण्य गेलेल्या जिवाला पोचते, अशी श्रद्धा. जितके प्रकार तितके आभार.

आणि मुख्य म्हणजे 'कद्दीश'. आई-बापासाठी मुलाने म्हणायची ही प्रार्थना. ती हिब्रूतही नव्हे, अरामी म्हणून जुनी भाषा आहे, तिच्यात आहे. आजींच्या मुलाने मला तिचा मराठी अर्थ सांगितला. बेने इस्राएलांनी आपली प्रार्थनेची पुस्तके मराठीत केली आहेत. जोसेफ एजेकिएल राजपूरकर नावाच्या विद्वानांनी एकोणिसाव्या शतकात ते काम पुष्कळ केले. अर्थ ऐकून मी म्हटले, "यात मरणाचे काहीच नाही की!" खरेच नाही. मेलेल्याचे नाव नाही, दुःख नाही, रडणे नाही. नुसती देवाची थोरवी, आणि शेवटी सर्वांना शांती मिळो अशी मागणी. ती म्हणताना तीन पावले मागे सरायचे, राजापुढून निघताना सरतात तसे. ज्याचे माणूस गेले त्याने लोकांत उभे राहून देवाची निंदा न करता स्तुती करायची. मला हे फार अवघड वाटते. माझे वडील गेले तेव्हा मी देवाशी वर्षभर बोलत नव्हते.

वडील गेल्यावर मुलाने बहुतेक ठिकाणी अकरा महिने रोज कद्दीश म्हणायची. बारा का नाही? तर पाप्याला मेल्यानंतर बारा महिने शिक्षा असते असे मानतात. मुलगा पुरे बारा महिने म्हणू लागला तर त्याचा अर्थ, माझा बाप पापी होता! म्हणून एक महिना आधी थांबायचे. मेलेल्याची अब्रू राखायची ही रीत मला फार आवडली.

पण कद्दीश एकट्याने म्हणता येत नाही. तेरा वर्षांवरचे दहा पुरुष लागतात. त्याला 'मिनयान' म्हणतात. आणि त्या संध्याकाळी जुलैतला पाऊस! गाड्या बंद पडल्या, मुंबईकडचे पाहुणे वाटेत अडकले. साडेआठ वाजेपर्यंत माणसे झाली नऊ. नऊ म्हणजे नऊच. सगळे दाराकडे बघत बसले होते. जिन्यावर पाऊल वाजले की आजी पदर सावरून उठत, आणि तो वरच्या मजल्यावरचा निघे. आमच्या यजमानांचा जीव राहवेना. ते म्हणाले, "एकच डोके कमी आहे ना? मी बसतो. टोपी द्या मला." त्यांच्यातल्या एका म्हाताऱ्या गृहस्थांनी ह्यांचा हात धरून शेजारी बसवले आणि म्हणाले, "बसा भाऊ, जरूर बसा. पण मोजता येणार नाही." ह्यांना वाईट वाटले, पण बसून राहिले.

पूर्वी त्यांच्यात अशी वेळ येत नसे. १९४८ साली इस्राएल देश झाला आणि हळूहळू घरेच्या घरे तिकडे गेली. भारतात एकेकाळी वीस हजारांच्या आसपास असलेले हे लोक आता थोडे हजार उरलेत, ते बहुतेक मुंबई-ठाण्याकडे. रेवदंड्याला, पेणला, पनवेलला त्यांची शंभरावर वर्षांची प्रार्थनालये आहेत. पण बांधणाऱ्यांची नातवंडे समुद्रापलीकडे. लहान गावात दहा पुरुष जमवायचे म्हणजे लग्नाला वऱ्हाड जमवण्यापेक्षा कठीण.

साडेनऊला त्यांनी थांबणे सोडले. स्तोत्रे वाचली. मग 'हश्काबा' म्हटली. हिच्यात गेलेल्याचे नाव घेतात, अमक्याचा मुलगा अमका, आणि त्याला विसावा मिळो असे मागतात. कद्दीश राहिलीच. आजी रडल्या नाहीत. फळांची ताटली घेऊन फिरल्या, पावसात आलेल्यांना गरम चहा दिला. सगळे गेल्यावर मला म्हणाल्या, "दिवस उद्याच्या सूर्यास्तापर्यंत आहे. उद्या गुरुवार, सकाळी प्रार्थनेला माणसे येतात." पहाटे मुलगा छत्री घेऊन ठाण्याच्या प्रार्थनालयात गेला. 'शआर हाशमाईम', म्हणजे स्वर्गाचे दार, १८७९ सालचे आहे ते. परत आला तो वरच्या पायरीवरूनच ओरडला, "आई, झाले! बारा जण होते!" तेव्हा कुठे आजींनी भिंतीला पाठ टेकली. रात्रभर बसूनच होत्या.

मी त्यांना विचारले, "आजी, तुम्ही दहात का नाही? मालक तर तुमचे." त्या म्हणाल्या, "आम्हाला मोजत नाहीत. दहा जणांचा चहा मात्र मीच करते." आणि हसल्या. पण ते हसणे काही मला बरे वाटले नाही.

पुढे वाचनालयातून आणलेल्या एका पुस्तकात मला एका बाईंची हकीकत मिळाली. अमेरिकेत हेन्रिएटा झोल्ड म्हणून एक थोर ज्यू बाई होत्या. त्यांना सख्खा भाऊ नाही, आई-वडिलांना आठ मुलीच झालेल्या. १९१६ साली त्यांची आई गेली. एक स्नेही गृहस्थ म्हणाले, तुमच्या आईसाठी कद्दीश मी म्हणतो. झोल्डबाईंनी त्यांचे मनापासून आभार मानले आणि कळवले की ते मी दुसऱ्या कुणाला देऊ शकत नाही, माझे मीच म्हणेन. त्या पत्राला आज शंभरावर वर्षे झाली. आता कित्येक ठिकाणी बायकांना दहात धरतात, जुन्या वळणाच्या ठिकाणी अजून धरत नाहीत.

ही हकीकत मी दोनदा वाचली, कारण ती माझीच होती. आम्ही तिघी बहिणी. आप्पा गेले तेव्हा भाऊबंदांतल्या एका चुलतभावाने अग्नी दिला. चार वर्षे त्याने पितृपक्षात पान वाढले. मग घराच्या वाटणीवरून बिनसले आणि त्याने बंद केले. आई दर सर्वपित्रीला एवढेच विचारी, "यांचे आज कुणी केले का ग?" आम्ही तिघी गप्प. एका गुरुजींना विचारले, ते म्हणाले मुलीला अधिकार नाही. आजींना हे सांगितले तेव्हा त्या म्हणाल्या, "अगं, तुला तर दहा माणसेही लागत नाहीत. मग अडलेय कुठे?"

सोलापूरला परत आल्यावर मी दुसऱ्या गुरुजींना धरले. त्यांनी सांगितले, "संकल्प करा, शिधा द्या, नाव घेऊन पाणी सोडा. तुमच्या हातचे आप्पांना चालत नव्हते का कधी?" तेव्हा मला रडू आले, ते थांबेना.

आणि इथे खरी पंचाईत झाली. गुरुजींनी नावे विचारली. वडील, आजोबा, पणजोबा, ही आली. मग म्हणाले, आजीचे नाव? मी म्हटले, "आक्का." "ते झाले हाक मारायचे. नाव काय?" भगिनींनो, जिने मला अंगाखांद्यावर वाढवले, जिच्या हातची कडक भाकरी आणि शेंगाची चटणी मी बारा वर्षे खाल्ली, तिचे नाव मला माहीत नव्हते. आईला विचारले. आईलाही नाही! सुनेने सासूचे नाव घ्यायचे नाही, सासऱ्यांनी तर कधी घेतलेच नाही. गुरुजी म्हणाले, नाव माहीत नसले तरी चालते, शास्त्रात सोय आहे. पण मला चालेना.

ज्यू लोकांचे या बाबतीत काय आहे ते सांगते. १०९६ साली युरोपात धर्मयुद्धाला निघालेल्या टोळ्यांनी ऱ्हाईन नदीकाठच्या ज्यूंची कत्तल केली. त्यानंतर तिथल्या लोकांनी मारले गेलेल्यांची नावे वहीत लिहायची आणि प्रार्थनेत वाचायची असा प्रघात ठेवला. न्यूरेंबर्ग गावची अशी वही १२९६ सालापासूनची आहे. पुढे हिटलरने साठ लाख ज्यू मारले. कित्येक ठिकाणी पूर्ण घर संपले, कद्दीश म्हणायला मुलगा नाही, की तिथी सांगायला कुणी नाही. १९५३ साली जेरुसलेमला 'याद वाशेम' नावाची संस्था झाली. तिथे छापील कागद मिळतो. ज्याला आठवत असेल त्याने गेलेल्याचे नाव, गाव, आई-बापाचे नाव लिहून द्यायचे. शेजाऱ्याने दिले तरी घेतात. ते काम अजून चालू आहे. आपल्याकडेही आहेच की. १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याला फाशी गेलेले धनशेट्टी, कुर्बान हुसेन, सारडा आणि शिंदे यांची चार नावे सोलापुरात पोराटोरांनाही येतात. पण त्यांना जन्म देणाऱ्या चौघींची नावे सांगा बघू कुणी. मलाही येत नाहीत.

आजींनी मला एक गोष्ट सांगितली होती, ती तेव्हा कानाआड गेली. हश्काबा पुरुषाची निराळी आणि बाईची निराळी. पुरुषाच्या प्रार्थनेची सुरुवात चांगल्या नावाच्या गौरवाने होते, त्याची तुलना सुगंधी तेलाशी केली आहे. तेल्यांच्या घरी हे ऐकायला किती गोड लागत असेल! बाईच्या प्रार्थनेची सुरुवात बायबलातल्या नीतिसूत्रांच्या ३१ व्या अध्यायातली आहे. त्या अध्यायात कर्तबगार गृहिणीचे वर्णन आहे. ती लोकर आणि ताग आणते, चाती हातात धरते, उजाडण्याच्या आधी उठून घरच्यांना जेवण देते, कापड करून व्यापाऱ्याला विकते, रात्री तिचा दिवा विझत नाही. मला तर वाटले, कुणी आपल्या वस्तीतच येऊन लिहून नेले! आपल्यातल्या किती जणी कांड्या भरतात, टॉवेलला शिलाई मारतात, चादरींच्या घड्या घालतात. कुणाच्या दहाव्याला हे कधी कुणी मोठ्याने म्हटले आहे का?

आक्काचे नाव मला कसे सापडले ते सांगून थांबते. आईच्या माळ्यावर एक पितळी घागर होती, चेपलेली, मोडीत घालायची म्हणून खाली काढली. चिंच लावून घासली तर काठाखाली टिंबाटिंबांनी कोरलेली अक्षरे वर आली. आक्काच्या लग्नात तिच्या मामाने दिलेली घागर. तिचे माहेरचे नाव, तिच्या आईचेही नाव. एका घागरीवर दोन पिढ्या! आई ते बोट फिरवून वाचत होती, आणि पंचाहत्तराव्या वर्षी सासूचे नाव पहिल्यांदा तोंडाने उच्चारत होती. उच्चारताना तिने डोक्यावर पदर घेतला.

आजी पुढे थोरल्या मुलाकडे इस्राएलला गेल्या आणि तिकडेच वारल्या. त्यांच्या सुनेचा फोन आला, तिकडे दहा जणांची काही अडचण पडली नाही म्हणाली. मी त्या रात्री काचेच्या पेल्यात पाणी घालून, वर खोबरेल घालून वात लावली. मागच्या वर्षी ठाण्याला लग्नाला गेले तेव्हा आजोबांच्या कबरीवर एक खडा ठेवून आले. तशी त्यांच्यात रीत आहे. दगडावर वर हिब्रू आणि खाली मराठी अक्षरे आहेत. शेजारची जागा रिकामी होती.

आता मंडळाचे काम. आपले सभासदांचे रजिस्टर मी काल उघडून बघितले. त्यात 'सौ.' पुढे नवऱ्याच्या नावाची अक्षरे आणि आडनाव. या वर्षी गेलेल्या दोघींपैकी एकीचे स्वतःचे नाव रजिस्टरात नाही, आम्ही सगळ्या तिला 'मोठ्या वहिनी' म्हणत होतो. तिच्या लेकीकडून काल विचारून आणले. ती दोन्ही नावे अध्यक्षीणबाई आता वाचतील, तेव्हा आपण सगळ्या उभ्या राहू. नंतर चहा घेताना प्रत्येकीने आपले नाव, आईचे आणि दोन्ही आज्यांची नावे लिहून द्यावीत, अशी माझी विनंती आहे. ठाऊक नसेल तर घरी जाऊन माळ्यावरची भांडी घासून बघा. कागद चहाच्या टेबलावर ठेवला आहे, पहिले नाव आक्काचे लिहिले आहे. पेन दोरीने बांधले आहे, मागच्या वेळचे कुणीतरी नेले.